खाईन तर तुपाशी!

मांजराला तूप पाजणाऱ्या तमाम सज्जनांशी आजपासून माझं उघड भांडण आहे.

तसा मी भांडखोर माणूस नाही. बँकेच्या काउंटरमागे एकवीस वर्षं काढलेल्या माणसाला भांडण परवडत नाही. समोरचा गिऱ्हाईक काचेच्या फटीतून हात आत घालून ‘माझ्याच पासबुकात एंट्री कशी नाही?’ असं गरजतो, तेव्हा आम्ही ‘सर्व्हर डाऊन आहे’ एवढंच म्हणून छताकडे बघतो. हल्ली आमच्या हुद्द्याला ‘कस्टमर सर्व्हिस असोसिएट’ असं भारदस्त नाव मिळालंय. गिऱ्हाईक मात्र क्लार्कच म्हणतं, आणि सौ. तर तेही म्हणत नाही. असा हा बी.कॉम. झालेला, पंचेचाळिशीतला, निरुपद्रवी इसम एका चमचाभर तुपासाठी शेजाऱ्यापाजाऱ्यांशी वैर का घेतो, याचा खुलासा करणं मला भाग आहे. खुलासा मागवण्याची आणि देण्याची आम्हां बँकवाल्यांना सवयच असते.

आमच्या घरी एक मांजर आहे. तिचं नाव मनी. हे नाव लेकीनं ठेवलं, आणि मी बँकेत असल्यामुळे ठेवलं असा सगळ्यांचा गैरसमज आहे. ‘काय हो, घरी मनी आहे म्हणे!’ हा विनोद आमच्या शाखेत गेली चार वर्षं दर महिन्याच्या पगाराच्या दिवशी होतो आणि मी दर वेळी हसतो. मनीच्या पूर्वजांत कुठंतरी एखादा पर्शियन येऊन गेला असावा. कारण तिचा चेहरा सांगलीचा असला तरी शेपूट थेट इराणची आहे. अंगावर केस एवढे, की ती सोफ्यावरून उठली तरी तिचा निम्मा भाग सोफ्यावरच बसून राहतो.

हे केस तिच्या पोटात जातात. मांजर जागेपणीचा मोठा वेळ स्वतःला चाटण्यात घालवतं. मांजराची जीभ म्हणजे किसणी. तिच्यावर घशाकडे वळलेले बारीक काटे असतात आणि ते आपल्या नखांसारख्याच द्रव्याचे बनलेले असतात. अमेरिकेतल्या जॉर्जिया टेक या संस्थेतल्या संशोधकांनी २०१८ मध्ये दाखवून दिलं, की या काट्यांची टोकं पन्हळीसारखी पोकळ असतात आणि तीतून लाळ थेट केसांच्या मुळापर्यंत पोचते. न्हाणीघर, फणी आणि साबण एकाच जिभेवर! पण काट्यांचं तोंड घशाकडे. त्यामुळे निघालेला केस थुंकायची सोय नाही. जमा होईल ते सगळं आत. बँकेच्या भाषेत सांगायचं, तर भरणा चालू आणि पैसे काढण्याची खिडकी बंद.

केस पचत नाही. बहुतेक केस अन्नाबरोबर पुढं सरकतात आणि रीतसर मागच्या दाराने बाहेर पडतात. पण माणसाच्या किंवा कुत्र्याच्या पोटात दोन जेवणांच्या मधल्या वेळात झाडू मारणारी एक जोरदार लाट येते, तशी ती मांजराच्या पोटात येत नाही. सफाई कामगाराची जागा निसर्गानं मंजूरच केलेली नाही. मग उरलेसुरले केस साठत जातात, एकमेकांत गुंततात आणि एके दिवशी पहाटे साडेचारला पलंगाखालून ‘खॅक्‌, खॅक्‌, खॅक्‌’ असा आवाज येतो. याला इंग्रजीत ‘हेअरबॉल’ म्हणतात. ज्यानं हे नाव ठेवलं त्यानं तो बघितलेला नसावा. तो चेंडूसारखा गोल नसतोच मुळी. अन्ननलिकेतून येताना तो चेपला जातो, त्यामुळे लांबट निघतो. अगदी तेलवातीसारखा.

तेलवातीसारखा म्हणतोय ते उगाच नाही. आई दुपारी देवघरासमोर बसून कापसाच्या वाती वळते. एका दुपारी तिनं चष्मा काढून ठेवला होता. वातींच्या डब्याशेजारी मनीनं आपलीही एक वात वळून ठेवली होती. आईनं ती उचलली, ‘ही जरा ओली कशी?’ असं पुटपुटत निरांजनाकडे नेली आणि तुपात बुडवणार, एवढ्यात तिला वास आला. पुढचा अर्धा तास आमच्या घरात जे झालं त्याचं वर्णन मी करत नाही. गोमूत्र संपलं एवढंच सांगतो.

त्या दिवसापासून मनीच्या पोटाचा प्रश्न हा आमच्या अपार्टमेंटचा प्रश्न झाला.

पहिला सल्ला शेजारच्या अण्णांचा. अण्णा पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले आहेत, त्यामुळे कोणत्याही तुंबलेल्या वस्तूवर आपला अधिकार आहे असं त्यांना वाटतं. “तूप पाज रे!” अण्णा म्हणाले. “चमचाभर साजूक तूप. कोमट करून. नळीत वंगण गेलं की सगळं सुळकन बाहेर. आमच्या मिरजेच्या वाड्यात सात मांजरं होती. एकदा तरी ओकलेलं दाखव!” मिरजेचा वाडा पडून तीस वर्षं झाली, मांजरं त्याआधी गेली. तेव्हा दाखवणार काय आणि बघणार काय! आमच्या शाखेतल्या हेडकॅशियरांनी लोणी सुचवलं. वरच्या मजल्यावरच्या वहिनींनी खोबरेल सांगितलं, तेही पोटातून आणि डोक्यालाही, दोन्हीकडून. प्राण्यांच्या दुकानातल्या पोरानं एक ट्यूब दाखवली. तिची किंमत ऐकून मी तिला परत जागेवर ठेवली. वाणिज्य शाखेचा पदवीधर आहे मी. घरात तूप असताना ट्यूब कोण घेतो?

इथून पुढचं लिहिताना मला लाज वाटते. पण भांडण करायचं तर आधी आपली बाजू तपासावी लागते, आणि माझ्या बाजूला मोठा खड्डा आहे.

एका रविवारी मी माळ्यावरून लेकीच्या लहानपणचं बोंडलं काढलं. तूप पातळ केलं. सौ.नं मनीला टॉवेलात गुंडाळून धरलं. लेक ‘बाबा, नको ना’ म्हणत होती. मी बोंडल्याची चोच मनीच्या दातांच्या फटीत घातली आणि तूप ओतलं. मनीनं मान झटकली. थोडं तूप टॉवेलावर, थोडं माझ्या शर्टावर, आणि थोडं आत गेलं. मी विजयी मुद्रेनं अण्णांच्या गॅलरीकडे बघितलं.

त्या रात्री मनी खोकत होती. आधी आम्हाला वाटलं, आता वात येणार. लेकीनं वर्तमानपत्रसुद्धा अंथरलं. वात आली नाही. दुसऱ्या दिवशी तिनं काही खाल्लं नाही. तिसऱ्या दिवशी ती कपाटाखाली जाऊन बसली आणि तोंड किंचित उघडं ठेवून श्वास घ्यायला लागली. लेक तिच्याजवळ जमिनीवर पालथी पडून होती. ती माझ्याशी बोलत नव्हती. आई म्हणाली, “अरे, बाळंतघरात लेकरू असं धापायला लागलं की आम्ही देव पाण्यात घालायचो.” मी रजेचा अर्ज मोबाइलवर टाकला आणि रिक्षा बोलावली.

डॉक्टरांनी फोटो काढला, छाती ऐकली आणि विचारलं, “हिला काही पाजलंत का?”

“तूप,” मी म्हणालो.

“बँकेत ना तुम्ही?” डॉक्टरांचं खातं आमच्याच शाखेत आहे. “भरणा कुठल्या खात्यात गेला ते बघितलंत का? तूप पोटाच्या खात्यात नाही गेलं. फुफ्फुसाच्या खात्यात गेलंय.”

पातळ तेल किंवा तूप जबरदस्तीनं तोंडात ओतलं, की ते अन्ननलिकेऐवजी श्वासनलिकेत उतरू शकतं. फुफ्फुसाला ते पचवता येत नाही. तिथं त्याची सूज येते, न्यूमोनिया होतो. पातळ पॅराफिनचीही तीच गत. शिवाय मांजर दोन-तीन दिवस उपाशी राहिलं, विशेषतः लठ्ठ मांजर, तर अंगातली चरबी यकृतात येऊन साठायला लागते आणि त्यात ते दगावू शकतं. ‘खाईन तर तुपाशी, नाहीतर उपाशी’ ही म्हण आपण हसत हसत म्हणतो. मांजराच्या बाबतीत म्हणीची दोन्ही टोकं जीवघेणी आहेत.

पाच दिवस मनी दवाखान्यात होती. मी रोज बँक सुटल्यावर तिथं जायचो. ती पिंजऱ्याच्या कोपऱ्यात माझ्याकडे पाठ करून बसलेली असायची. गिऱ्हाइकांनी पाठ फिरवली तर मला कधी वाईट वाटलेलं नाही. मात्र हिच्या त्या पाठीपुढं मी पाच दिवस खालमानेनं उभा राहिलो. सहाव्या दिवशी तिनं वास घेऊन माझं बोट चाटलं. ती किसणी एवढी मऊ लागेल असं मला वाटलं नव्हतं.

मनी वाचली. आणि तेव्हाच मी ठरवलं, की आता या तूप-पक्षाचा समाचार घ्यायचा. त्यासाठी डॉक्टरांचं डोकं खाल्लं, वाचलं, आणि बँकेत लेजर तपासावं तसं मांजराच्या पोटातलं स्निग्धाचं खातं तपासलं. निष्कर्ष मांडतो. अण्णांनी कृपया चष्मा लावून वाचावं.

कलम पहिलं : तूप हे वंगण नाही. वंगण म्हणजे जे शेवटपर्यंत वंगण राहतं ते. तूप हे अन्न आहे. ते लहान आतड्यात पोचलं की तिथं पित्त येतं, पाचक रस येतात, तुपाचे तुकडे होतात आणि ते रक्तात शोषलं जातं. केसाच्या गुंत्याबरोबर ते स्टेशनापर्यंत सोबत जातच नाही, पहिल्याच थांब्यावर उतरतं. दुकानातल्या त्या महागड्या ट्यूबमध्ये बहुधा पेट्रोलियम जेलीसारखा न पचणारा पदार्थ असतो. तो खरोखर पुढपर्यंत जातो. तीही डॉक्टरांना विचारून, बेतानं आणि पंजाला लावून चाटायला द्यायची असते, बोंडल्यानं नव्हे. म्हणजे ज्या ट्यूबला मी कंजूषपणानं नाकारलं, तिच्या बाजूनं निदान थोडं तर्कशास्त्र होतं. तुपाच्या बाजूनं फक्त अण्णा होते.

कलम दुसरं : हिशेब. एक चमचा तूप म्हणजे पाच ग्रॅम. ग्रॅमला नऊ उष्मांक, म्हणजे पंचेचाळीस. चार किलोच्या घरबशा मांजराला दिवसभरात साधारण दोनशे ते अडीचशे उष्मांक पुरतात. म्हणजे एका चमच्यात दिवसाच्या शिध्याचा पाचवा हिस्सा संपला! दोन हजार उष्मांक खाणाऱ्या माणसाला हाच हिशेब लावला, तर ‘पोट साफ व्हावं म्हणून’ रोजच्या जेवणाशिवाय वरून नऊ चमचे तूप प्यावं लागेल. अण्णा, घ्या बोंडलं!

कलम तिसरं, आणि खरं महत्त्वाचं. इथं मी पलटी खातोय असं काही जणांना वाटेल. स्निग्धांश मांजराला लागतो. नुसता लागतो असं नाही, त्याच्यावाचून केसांच्या गोळ्यांचा प्रश्न वाढतो. पण त्याचं काम आतड्याच्या नळीत नाही, कातडीवर आहे. जेवणात योग्य स्निग्धाम्लं नसली की मांजराची कातडी कोरडी पडते, कोंडा होतो, केस निस्तेज होऊन गळायला लागतात. गळालेला केस जिभेवर, जिभेवरून पोटात, पोटातून आईच्या वातींच्या डब्याशेजारी. ही सगळी साखळी जिथं सुरू होते तिथंच स्निग्ध हवं. आपण मात्र ते शेवटच्या कडीवर ओततो. डोंगरावर झाडं लावायची सोडून गटारात फिनेल टाकावं तसं हे आहे. पाटबंधारे खात्याच्या माणसाला तरी हे कळायला हवं होतं.

आणि स्निग्ध म्हणजे कुठलंही चालत नाही. लिनोलिक आम्ल नावाचं एक स्निग्धाम्ल आहे. ते आपल्याला आणि मांजराला, दोघांनाही अन्नातूनच घ्यावं लागतं. त्यापासून आपलं शरीर ॲराकिडॉनिक आम्ल नावाचं दुसरं स्निग्धाम्ल तयार करतं. कच्चा माल घेऊन पक्का माल काढण्याचा कारखाना आपल्याकडे आहे, कुत्र्याकडेही आहे. मांजराकडे तो जवळजवळ बंद आहे. त्याला पक्का मालच आयात करावा लागतो, आणि हा माल प्राण्यांच्या चरबीत, मांसात, मासळीत मिळतो. करडईच्या तेलात मिळत नाही. पोळीत मिळत नाही. अमेरिकेत पशुखाद्याची मानकं ठरवणाऱ्या ‘आफ्को’ संघटनेच्या तक्त्यात मोठ्या मांजराच्या खाद्यात, पाण्याचा अंश वगळून, निदान नऊ टक्के स्निग्धांश आणि सव्वीस टक्के प्रथिनं सांगितली आहेत. त्यात ॲराकिडॉनिक आम्लाची वेगळी नोंद आहे. प्रमाण किती? ०.०२ टक्के. आमच्या बँकेत एवढ्या फरकाला कुणी फरक म्हणत नाही. मांजराचं शरीर म्हणतं.

इथं माझं दुसरं भांडण सुरू होतं, आणि ते माझ्या स्वतःच्या घराशी होतं. मनी आमच्याकडे काय खायची? दूध-पोळी. सणाला दूध-भात. आमच्या घरात तीन पिढ्यांत अंडं शिजलेलं नाही. त्यामुळे मांजरही आमच्याच गोत्राचं, असं आम्ही गृहीत धरलं होतं. नातेवाईक आले की आई कौतुकानं सांगायची, “आमची मनी शुद्ध शाकाहारी आहे हो!” आणि त्या शुद्ध शाकाहाराचे केस नातेवाइकांच्या साड्यांवर घरी जायचे. बरं, ते दूध तरी मनीला पचत होतं का? मोठ्या झालेल्या पुष्कळ मांजरांना दुधातली साखर पचत नाही. पोळीबरोबर साखरेचे चार दाणे टाकायचो, त्यांची तर चवही तिला कळत नव्हती. मांजराच्या जिभेला गोड लागतच नाही. तिच्या गोड चवीच्या जनुकात बिघाड आहे, हे २००५ मध्ये सिद्ध झालंय. आणि टॉरिन नावाचा एक घटक मांसातूनच मिळतो. तो कमी पडला तर मांजराचं हृदय सुजून निकामी होतं, हे १९८७ मध्ये कॅलिफोर्नियातल्या डेव्हिस इथल्या संशोधकांनी दाखवलं. म्हणजे आम्ही चार वर्षं प्रेमानं वाटी भरत होतो आणि वाटी रिकामीच होती.

तूप-पक्षाचा हुकमाचा एक्का इथंच बाहेर पडतो. “मग आमच्या वाड्यातली मांजरं दूध-पोळीवर पंधरा-पंधरा वर्षं कशी जगली?”

या प्रश्नाचं उत्तर मला सुचलं नव्हतं. ते आईनं दिलं, आणि ज्या प्रसंगी दिलं तो मला सांगितलाच पाहिजे. दवाखान्यातून आल्यावर मी चाचरत विषय काढला. डॉक्टर मांसाहारी खाद्य सांगतायत, म्हणालो. आई गप्प होती. सौ. माझ्याकडे ‘कशाला काढलात’ अशा नजरेनं बघत होती. बऱ्याच वेळानं आई म्हणाली, “आमच्या माहेरच्या वाड्यात एक बोका होता. रोज सकाळी दारात उंदीर आणून ठेवायचा. माझी आजी सोवळ्यातली. चिमट्यानं उचलून परड्यात टाकायची आणि बोक्याला दूध घालायची. कधी रागावली नाही. म्हणायची, त्याचा धर्म त्यानं केला, आपला आपण करायचा.” मग थोडं थांबून म्हणाली, “इथं तिसऱ्या मजल्यावर उंदीर कुठून आणणार ती बिचारी?”

अण्णा, हे तुमचं उत्तर! वाड्यातल्या मांजराचं जेवण वाड्याच्या ताटलीत नव्हतंच. ते कोठीत होतं, कौलांवर होतं, परड्यात होतं. उंदीर, पाल, चिमणी यांतून त्याला प्रथिनं, चरबी, टॉरिन सगळं मिळायचं. दूध-पोळी हा त्याचा पगार नव्हता, महागाई भत्ता होता. आपण मांजराला फ्लॅटमध्ये आणलं, खिडकीला जाळी लावली, मूळ पगार बंद केला आणि नुसत्या भत्त्यावर संसार कर म्हणतोय. आमच्या युनियनला हे कळलं असतं, तर एव्हाना संप झाला असता.

आईनं दोन अटी घातल्या. खाद्याचं पाकीट स्वयंपाकघरात यायचं नाही, आणि ताटली गॅलरीत वेगळी राहील. पाकिटावर ‘संपूर्ण व संतुलित’ असं लिहिलंय का, स्निग्धांश किती, टॉरिन आहे का, एवढं बघून आम्ही खाद्य निवडलं. नुसतं उकडलेलं चिकन घालून भागत नाही, कारण त्यात कॅल्शियम पुरेसं नसतं. घरचं मसालेदार तर नाहीच. कांदा-लसूण मांजराच्या तांबड्या पेशी फोडतात. बदल एकदम केला नाही. आठवडाभर हळूहळू जुनं कमी आणि नवं जास्त, असं मिसळत गेलो.

इथं दुकानदारांनी फार हुरळून जाऊ नये. त्यांच्याशीही माझं थोडं आहेच. ‘हेअरबॉल कंट्रोल’ अशी सोनेरी अक्षरं छापली की पाकिटाची किंमत वाढते. माणसाला आशा विकणं फार सोपं. केसांच्या गोळ्याचंच बघा ना. बकऱ्यांसारख्या जनावरांच्या पोटात सापडणारे असले गोळे आणि खडे एके काळी विषावर उतारा म्हणून सोन्याच्या भावानं विकले जायचे. फारसीत त्याला पादजहर म्हणत, त्यावरून युरोपात ‘बेझोआर’. सोळाव्या शतकात आंब्रोझ पारे या फ्रेंच शल्यवैद्यानं फाशीची शिक्षा झालेल्या एका स्वयंपाक्यावर त्याची परीक्षा घेतली. विष दिलं, वर तो खडा दिला. स्वयंपाकी काही तासांत तडफडून मेला. त्यानंतर खड्याचा धंदा बसला म्हणता? छे! खरे खडे पुरेनात म्हणून सतराव्या शतकात आपल्या गोव्यात जेझुइट पंथाच्या लोकांनी कस्तुरी, अंबर, शिंपल्यांची पूड वगैरे कालवून नकली खडे वळायला घेतले. ‘गोवा स्टोन’ म्हणून ते युरोपात गेले आणि सोन्याच्या जाळीदार डब्यात जाऊन बसले. तेव्हा अण्णांच्या तुपाला मी एकट्या अण्णांना दोष देत नाही. परंपरा मोठी आहे.

पाकिटातलं जे खरं आहे ते मानतो. त्यात योग्य स्निग्धाम्लं असतात, तंतूही असतात. २०१४ मध्ये ब्राझीलमध्ये झालेल्या एका अभ्यासात खाद्यात उसाचे तंतू मिसळल्यावर मांजरांच्या विष्ठेतले केसांचे गोळे कमी झाले. हे वाचून सांगलीकर म्हणून माझा ऊर भरून आला. पण म्हणून कुणी उठून मांजरापुढं चिपाड टाकू नये. अण्णा, तुम्हालाच सांगतोय.

आणि सगळ्यांत स्वस्त उपाय, ज्याची जाहिरात कुणी करत नाही : फणी. जो केस फणीत आला तो पोटात गेला नाही. यात संशोधन नाही, साधी वजाबाकी आहे. लांब केसांच्या मांजराला रोज दहा मिनिटं विंचरलं पाहिजे. आपण तूप पाजतो, कारण तूप पाजायला अर्धं मिनिट लागतं आणि पुण्य पूर्ण मिळतं.

एक गंभीर गोष्टही नोंदवून ठेवतो. प्रत्येक ‘खॅक्‌’ म्हणजे केस नव्हे. मांजराला दमा असतो, त्याचा खोकला अगदी असाच वाटतो. वरचेवर उमाळे येतात पण बाहेर काहीच पडत नाही, खाणं सुटलंय, शी होत नाही, मांजर मलूल आहे, अशी लक्षणं असली तर केस आतड्यात अडकलेले असू शकतात आणि शस्त्रक्रियाही लागू शकते. अशा वेळी शेजाऱ्याच्या दाराऐवजी दवाखान्याचं दार वाजवावं. लठ्ठ होईल एवढं स्निग्धही देऊ नये, कारण लठ्ठ मांजराची जीभ पाठीपर्यंत पोचत नाही आणि केसांच्या जटा होतात. ठेव किती असावी यालाही मर्यादा असते.

आता तिमाही ताळेबंद. पूर्वी मनी आठवड्याला एक वात वळायची. गेल्या तीन महिन्यांत एकच. अंगावर तुकतुकी आली आहे. सोफा पुन्हा मूळ रंगात दिसतो. श्रेय खाद्यातल्या स्निग्धाला द्यावं की फणीला, असं मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, “जॉइंट अकाउंट समजा.” मला पटलं.

अण्णांना पटलेलं नाही. ते अजून जिन्यात भेटले की “तुझं तूप पातळ झालं होतं रे, म्हणून तसं झालं” असं सांगतात. बोंडलं मी भंगारात टाकलं. तूप उरलं होतं, ते वरणभातावर मीच संपवायला घेतलं, तर गेल्या महिन्यात बँकेच्या आरोग्य तपासणीत माझेच लिपिड वाढलेले निघाले. म्हणजे या घरात तुपानं एकच जीव सुखी झाला, तो म्हणजे देवघरातलं निरांजन.

दुपारी आई वाती वळायला बसते. हल्ली त्याआधी ती गॅलरीत मनीला घेऊन बसते आणि फणी फिरवते. मनी डोळे मिटून घुरघुरते. निघालेले केस आई दोन बोटांत धरून, सवयीनं, वातीसारखे वळते आणि एका वेगळ्या डबीत टाकते. डबीवर लेकीनं मोठ्या अक्षरांत लिहून चिकटवलंय : ‘आजी, ही डबी मनीची. आधी चष्मा लाव!’